‘काय जेवलात?’ : एका प्रश्नाचा मागोवा

आषाढी वारीत हडपसरचा गाडीतळ हे निरोपाचं ठिकाण. पुण्यातला मुक्काम आटोपून दोन्ही पालख्या इथवर एका रस्त्याने येतात. इथून ज्ञानोबांची पालखी सासवडच्या वाटेला वळते आणि तुकोबांची सोलापूर रस्त्याने लोणी काळभोरकडे जाते. ज्ञानोबांच्या वारकऱ्यांसमोर दिवे घाटाची चढण असते. बहुतेक वर्षी हा दिवस ज्येष्ठ वद्य एकादशीचा, म्हणजे वाटचालीतला सर्वांत मोठा टप्पा आणि त्यातही उपास. म्हणून सकाळपासून हडपसरच्या रस्त्याच्या दोन्ही कडांना पातेली लागलेली असतात. केळी, राजगिऱ्याचे लाडू, शेंगदाण्याची चिक्की आणि मुख्य म्हणजे साबुदाण्याची खिचडी.

त्या पातेल्यांच्या शेजारीच तपासणीचे मांडव असतात. एका वर्षी अशाच एका मांडवात मी पाणी वाटायला उभा होतो. सत्तरीतले एक वारकरी खुर्चीत बसले आणि त्यांनी सदऱ्याची बाही वर केली. डॉक्टर मुलीने पट्टा हातात घेतला, पण गुंडाळला नाही.

“माउली, सकाळपासून काय खाल्लंय?”

“खिचडी, बाई. आत्ताच. दोन द्रोण.”

“मग अर्धा तास इथंच टेका. नंतर मोजू.”

म्हातारबांना ते फारसं पटलं नाही. दिंडी पुढे जाईल, ही काळजी त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होती. पण ते बसले. मला मात्र तो प्रश्न चिकटला तो चिकटलाच. दंडाला पट्टा बांधण्याआधी डॉक्टरला माणसाच्या पोटाची चौकशी का करावीशी वाटते? हा प्रश्न पहिल्यांदा कोणी विचारला? आणि ‘कधी जेवलात’ वरून तो ‘काय जेवलात’ वर कसा आला? शोधायला बसलो तेव्हा लक्षात आलं की या प्रश्नाचा बराचसा प्रवास हडपसरच्या आसपासच, पाचदहा कोसांत पाहता येतो.

वैद्याची तीन बोटं

चरक आणि सुश्रुत यांच्या संहितांत नाडीपरीक्षेचं वेगळं शास्त्र नाही. ते ठळकपणे येतं शार्ङ्गधराच्या संहितेत, साधारण तेराव्या-चौदाव्या शतकात. मनगटावर तीन बोटं ठेवायची आणि खालची चाल ओळखायची: सापासारखी, बेडकासारखी, हंसासारखी. याच ग्रंथात भुकेल्या माणसाची नाडी चंचल असते आणि जेवून तृप्त झालेल्याची स्थिर, अशी नोंद आहे. पुढच्या नाडीग्रंथांनी यातूनच वैद्यासाठी नियम केला: नुकतंच नाहलेल्या, नुकतंच जेवलेल्या, भुकेने वा तहानेने व्याकूळ झालेल्या माणसाची नाडी पाहू नये, कारण ती खरं सांगत नाही.

म्हणजे मांडवातल्या त्या अर्ध्या तासाचं मूळ सहा-सातशे वर्षं जुनं आहे.

आजचं यंत्र लावलं तर जेवणानंतर ठोके कमी होत नाहीत, थोडे वाढतातच. मग शार्ङ्गधर चुकला का? मला तसं वाटत नाही. त्याच्याकडे सेकंदकाटा नव्हता. तो ठोके मोजत नव्हता, चाल ओळखत होता. पोट भरलं की नाडीचा स्वभाव बदलतो, एवढी मूळ गोष्ट त्याने पकडली होती. बदल किती आणि कशामुळे, हे सांगायला मोजमाप हवं होतं, आणि ते यायला अजून बराच अवकाश होता.

कालव्याचं पाणी आणि जोतिरावांचा उजवा हात

१८७० च्या दशकात खडकवासल्याचं धरण झालं आणि मुठेचा उजवा कालवा हडपसरवरून पूर्वेला वाहू लागला. तोवर या पट्ट्यात पावसावरची बाजरी-ज्वारी. पाटाचं पाणी आल्यावर दोन नवी पिकं शिवारात शिरली. एक ऊस, आणि त्यामागोमाग गुऱ्हाळं, गूळ, काकवी. दुसरं माळवं: मेथी, कोथिंबीर, पालक, चुका, गवार, वांगी, फुलकोबी. पुण्याच्या मंडईला भाजी पुरवणारं गाव, ही हडपसरची ओळख पुढे शंभर वर्षं टिकली. ऊस आणि माळवं ही जोडी वाचकाने ध्यानात ठेवावी. या मागोव्यात ती पुन्हा भेटणार आहे.

हडपसरला लागून असलेल्या मांजरीत जोतिराव फुल्यांची शेती होती. कालव्याच्या पाण्याने काय बदलतं आणि शेतकऱ्याच्या पदरात काय पडतं, हे त्यांनी जवळून पाहिलं होतं. ‘शेतकऱ्याचा असूड’ त्यांनी १८८३ मध्ये पूर्ण केला. पाच वर्षांनी, १८८८ मध्ये, त्यांना पक्षाघाताचा झटका आला. उजवी बाजू गेली. लिहिणारा हात पडला, तर त्यांनी डाव्या हाताने ‘सार्वजनिक सत्यधर्म पुस्तक’ लिहून काढलं. २८ नोव्हेंबर १८९० ला ते गेले.

जोतिरावांचा रक्तदाब किती होता, हे कोणीच कधी सांगू शकणार नाही. त्यांचे स्नेही डॉ. विश्राम घोले नामांकित शल्यवैद्य होते, पण १८८८ साली जगातल्या कोणत्याच डॉक्टरच्या पिशवीत दंडाला बांधायचा पट्टा नव्हता. इंग्लंडात स्टीफन हेल्स या पाद्र्याने घोडीच्या धमनीत नळी घालून रक्त आठ फुटांहून वर चढलेलं पाहिलं होतं, आणि १७३३ मध्ये ते छापलंही होतं. पण माणसावर हा प्रयोग कोण करणार? फुगवता येणारा पट्टा आणि पाऱ्याची नळी ही जोडी तुरीनच्या शिपिओने रिवा-रॉची यांनी १८९६ मध्ये बसवली. पट्टा सैल करताना धमनीतून येणारे आवाज ऐकून वरचा आणि खालचा असे दोन आकडे वाचायची युक्ती रशियाच्या निकोलाय कोरोत्कोव यांनी १९०५ मध्ये सांगितली. मांडवातली ती मुलगी कानाला नळ्या लावून जे ऐकते, ते कोरोत्कोवचे आवाज.

जोतिराव गेले त्यानंतर सहा वर्षांनी पट्टा आला. आपल्या आज्या-पणज्यांपैकी किती जण ‘वारं गेलं’, ‘अंगावरून वारं गेलं’ एवढ्या शब्दांत संपले, याचा विचार केला की तो साधा कापडी पट्टा मला मोठ्या शोधांच्या रांगेत बसवावासा वाटतो.

आगाखान पॅलेसमधलं पान

आकडा हाती आल्यावर तो चकवू लागला. उच्च रक्तदाब म्हणजे जाड माणसाचा रोग, सुखवस्तू माणसाचा रोग, अशी समजूत होती. ती मोडणारा सर्वांत ठळक रोगी म्हणजे महात्मा गांधी. त्यांच्या प्रकृतीच्या जपून ठेवलेल्या नोंदी २०१९ मध्ये भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेने प्रसिद्ध केल्या. २६ ऑक्टोबर १९३७ ला रक्तदाब १९४/१३०. १९ फेब्रुवारी १९४० ला २२०/११०. वजन ४७ किलोच्या आत. मिताहारी, पायी चालणारा, अंगावर मांस नसलेला माणूस, आणि हे आकडे! ते सर्पगंधा घेत. रुस्तुम जाल वकील या मुंबईच्या हृदयरोगतज्ज्ञाने १९४९ मध्ये ‘ब्रिटिश हार्ट जर्नल’मध्ये निबंध लिहून जगाला जिची ओळख करून दिली, ती हीच मुळी.

९ ऑगस्ट १९४२ ला गांधींना अटक झाली आणि त्यांना पुण्यात, हडपसरपासून फारशा लांब नसलेल्या आगाखान पॅलेसमध्ये आणलं. सहाव्या दिवशी, १५ ऑगस्टला, महादेवभाई देसाई हृदयविकाराने तिथेच गेले. वय अवघं ५०. त्याच महिन्याच्या अखेरीस गांधी त्या बंदिवासात आरोग्यावर पुस्तक लिहायला बसले आणि डिसेंबरात त्यांनी ते पुरं केलं. मुलासारख्या सोबत्याची चिता विझते न विझते तोच लिहायला घेतलेलं हे पुस्तक आरोग्याबद्दल आहे, याचं मला नेहमी नवल वाटत आलं आहे. कस्तुरबाही दीड वर्षाने, २२ फेब्रुवारी १९४४ ला, त्याच वाड्यात हृदयाच्या दुखण्याने गेल्या.

‘आरोग्याची किल्ली’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या पुस्तकात बैठं काम करणाऱ्या माणसाच्या दिवसभराच्या जेवणाचं माप दिलं आहे. सगळी धान्यं मिळून ६ औंस, म्हणजे १७० ग्रॅम. पालेभाजी ३ औंस, इतर भाज्या ५, कच्ची भाजी १. एकूण ९ औंस, म्हणजे २५५ ग्रॅम. गूळ किंवा साखर दीड औंस. शिवाय दूध, थोडं तूप आणि फळं. हे पान वाचताना मी थबकलो. धान्यापेक्षा भाजी जास्त! आपल्या ताटात भाकरीच्या, पोळीच्या, भाताच्या कडेला चमचाभर भाजी आणि चटणी असते. गांधींनी ते ताट उलटं लावलं होतं. ‘कधी जेवलात’ या प्रश्नात ‘किती जेवलात, आणि कशाच्या तुलनेत किती’ हा प्रश्न त्या पानावर मिसळलेला दिसतो.

सुटकेनंतर मार्च १९४६ मध्ये ते हडपसरच्या पुढे, सोलापूर रस्त्यावरच्या उरुळी कांचनला आले आणि निसर्गोपचाराचं काम सुरू केलं. ते तिथे आठवडाभरच होते, पण मणिभाई देसाई मागे राहिले आणि आश्रम उभा राहिला. आजही तिथल्या उपचारात आहाराला मोठं स्थान आहे.

भात खाऊन उतरलेला रक्तदाब

त्याच काळात अमेरिकेत एक विलक्षण प्रयोग चालू होता. जर्मनीतून आलेले वॉल्टर केम्पनर हे डॉक्टर ड्यूक विद्यापीठात १९३९ पासून अतितीव्र रक्तदाबाच्या रोग्यांना भात खाऊ घालत होते. दिवसाला पाव किलोहून अधिक तांदळाचा भात, फळं, फळांचा रस आणि साखरसुद्धा. जवळपास सगळे उष्मांक कर्बोदकांचे. तेव्हा या रोगावर धड औषध नव्हतं आणि असे रोगी वर्ष-दोन वर्षांत जात. केम्पनरच्या अनेक रोग्यांचा दाब उतरला, सुजलेलं हृदय आकसलं, डोळ्यांच्या पडद्यावरचे रक्तस्रावाचे डागही विरले.

कर्बोदकांनी रक्तदाब वाढतो असं सरसकट म्हणणाऱ्याने या भाताचा विचार आधी करावा. त्या भातात मीठ नव्हतं, हे त्यातलं इंगित. पूर्ण आहारात सोडियम जेमतेम १५० मिलिग्रॅम. जागतिक आरोग्य संघटनेने आज घालून दिलेली मर्यादा, म्हणजे दिवसाला ५ ग्रॅम मीठ, तिच्यात सोडियम सुमारे २,००० मिलिग्रॅम होतं. मीठ आणि रक्तदाब यांचं नातं पॅरिसच्या आंबार आणि बोझार यांनी १९०४ मध्येच मांडलं होतं. केम्पनरने ते मरणाच्या दारातल्या रोग्यांवर दाखवून दिलं. हेच नातं तपासायला १९८८ मध्ये ३२ देशांतल्या ५२ ठिकाणच्या दहा हजार लोकांची लघवी तपासणारा ‘इंटरसॉल्ट’ अभ्यास निघाला, त्यात लडाख आणि दिल्लीही होती.

आता आपलं ताट पाहा. भात, भाकरी, पोळी या स्वतः मिठाच्या वस्तू नाहीत. पण त्या घशाखाली उतरायला मीठ लागतं: ठेचा, लोणचं, पापड, खारी शेंगदाण्याची चटणी, आमटीचा खारट-आंबट ओघ. जितकं पीठ जास्त, तितकं मीठ जास्त. गरिबाच्या ताटात तर भाकरीला मीठ-मिरचीचाच आधार. कर्बोदकांची आणि रक्तदाबाची आपल्याकडची पहिली गाठ अशी मिठाच्या पुडीत बांधलेली आहे, आणि ती आपण सहज सोडवू शकतो.

इन्सुलिनची तीन कामं

दुसरी गाठ अधिक आत, रक्तात आहे. इन्सुलिन १९२१ मध्ये हाती आलं ते साखर उतरवणारं औषध म्हणून. ते रक्तवाहिन्यांशी आणि हृदयाशीही बोलतं, हे कळायला अर्धं शतक गेलं.

१९७५ मध्ये राल्फ डीफ्रॉन्झो यांनी दाखवलं की इन्सुलिन मूत्रपिंडाला सोडियम धरून ठेवायला लावतं. १९७७ मध्ये जेम्स यंग आणि लुइस लँड्सबर्ग यांनी उंदरांवर पाहिलं की उपाशी ठेवलं की सहानुभावी मज्जासंस्था, म्हणजे हृदयाला ‘पळ’ म्हणणाऱ्या नसांची संस्था, मंदावते. खाणं मिळालं की ती जागी होते. माणसाला साखर स्थिर ठेवून इन्सुलिन टोचलं, तरी रक्तात नॉरअ‍ॅड्रिनलिन वाढतं आणि ठोके चढतात, हेही पुढे दिसलं. इन्सुलिनचं तिसरं काम याच्या उलट: ते स्नायूंमधल्या रक्तवाहिन्या सैल करतं.

निरोगी शरीरात ही तीन कामं एकमेकांना तोलून धरतात. मूत्रपिंड मीठ धरतं, नसा हृदयाला पळवतात, पण वाहिन्या सैल पडतात; म्हणून दाब फारसा हलत नाही. बिघाड होतो तो इन्सुलिनला शरीर दाद देईनासं झाल्यावर. स्नायू आणि वाहिन्या बहिऱ्या होतात, मूत्रपिंड आणि नसा मात्र ऐकतच राहतात. स्वादुपिंड आणखी इन्सुलिन सोडतं, आणि पारडं एका बाजूला झुकतं. १९८८ मध्ये जेराल्ड रीव्हन यांनी वाढलेली साखर, बिघडलेली चरबी आणि चढलेला रक्तदाब ही एकाच मुळाची फळं आहेत असं मांडलं आणि त्या मुळाला ‘सिंड्रोम एक्स’ म्हटलं.

इन्सुलिन हा शब्द मराठी स्वयंपाकघरात आणला नागपूरच्या डॉ. श्रीकांत जिचकारांनी. प्रत्येक खाण्याबरोबर इन्सुलिन सुटतं, म्हणून दिवसातून दोनदाच जेवा, हा त्यांचा आग्रह होता. २००४ मध्ये ते अपघातात गेले. डॉ. जगन्नाथ दीक्षितांनी ती मांडणी गावोगावच्या व्याख्यानांतून घराघरांत नेली. ज्यांच्या बोलण्यात कधी असा परका शब्द आला नव्हता, त्या आज्या ‘इन्सुलिन’ म्हणू लागल्या. मधुमेहाची किंवा रक्तदाबाची औषधं चालू असणाऱ्याने जेवणाच्या वेळा स्वतःच्या मनाने बदलू नयेत. गोळ्यांचा हिशेब बिघडतो. पण मधल्या वेळचा गोड चहा आणि बिस्किटं हे ‘खाणं’ आहे, हे मराठी माणसाला या चळवळीने शिकवलं, आणि त्याचं मोल मोठं आहे.

पुण्याचं योगदान त्याही मागे, आईच्या पोटापर्यंत जातं. केईएम रुग्णालयाचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनी १९९० च्या दशकात पुण्याजवळच्या सहा खेड्यांतल्या गरोदर बायकांचा अभ्यास सुरू केला. तिथली बाळं सरासरी २.७ किलोची, इंग्लंडातली ३.५ किलोची. पण आपल्या बाळांची चरबी वजनाच्या मानाने राखलेली होती. स्नायू मात्र कमी. दिसायला रोड, आतून चरबीची. अशा शरीरात इन्सुलिनची दाद लवकर मंदावते. किडकिडीत मराठी माणसाला चाळिशीतच बीपी-शुगर का जडते, याचं उत्तर इथून सुरू होतं. याच अभ्यासात, गरोदरपणी पालेभाज्या, फळं आणि दूध अधिक वेळा खाणाऱ्या आयांची बाळं अधिक चांगल्या वजनाची निघाली.

पालेभाज्या. म्हणजे माळवं.

माळव्याची साक्ष

१९९७ मध्ये अमेरिकेत ‘डॅश’ नावाचा प्रयोग प्रसिद्ध झाला. ४५९ माणसांना आठ आठवडे मोजून-मापून जेवण दिलं. मीठ सगळ्यांना सारखं ठेवलं, वजन बदलू दिलं नाही. एका गटाला भाज्या, फळं, कमी चरबीचं दूध, अख्खी धान्यं आणि कडधान्यं भरपूर. या गटाचा वरचा दाब सरासरी ५.५ ने उतरला. ज्यांना आधीच उच्च रक्तदाब होता त्यांचा ११.४ ने. एका गोळीने होतं तेवढं काम ताटाने केलं. पुढे २००१ मध्ये त्याच ताटातलं मीठ कमी केलं, तर दाब आणखी उतरला.

२००५ मध्ये याच मंडळींनी कर्बोदकांचा प्रश्न नेमका विचारला. १६४ माणसं, तीन ताटं. भाज्या-फळं तिन्हींत तेवढीच; फक्त कर्बोदकांचा वाटा ५८ टक्क्यांवरून ४८ वर आणून मोकळी झालेली जागा एका ताटात प्रथिनांनी, दुसऱ्यात वनस्पती तेलांनी आणि सुक्या मेव्यातल्यासारख्या चांगल्या स्निग्धांशाने भरली. उच्च रक्तदाब असलेल्यांचा दाब पहिल्यात ३.५ ने, दुसऱ्यात २.९ ने आणखी उतरला. मोठं यश नव्हे, पण दिशा स्पष्ट. कर्बोदकं शत्रू नाहीत. त्यांनी डाळीची, शेंगदाण्याची आणि भाजीची जागा बळकावली की त्रास होतो.

ऊस आणि माळवं इथे भेटतात. एकाच कालव्याने दोन्ही पिकं आणली. साखरेला पुढे कारखाने, सहकार आणि सत्ता मिळाली. मांजरीला १९७५ पासून ऊस आणि साखरेवर संशोधन करणारी संस्थाही उभी आहे. साखरेने शेतकऱ्याला पैसा मिळवून दिला, आणि त्या पैशावर याच भागातली मुलं शिकली, हे मी विसरत नाही. माळव्याला मात्र असा कोणी वाली मिळाला नाही. पाटीत भरून पहाटे मंडईत जाणं आणि दुपारपर्यंत कोमेजणं एवढंच त्याच्या नशिबी. रक्तदाबाच्या शास्त्राने शंभर वर्षांनी कौल दिला तो माळव्याच्या बाजूने. त्यातलं पोटॅशियम मूत्रपिंडाला सोडियम सोडायला लावतं, म्हणजे इन्सुलिन जे धरून ठेवतं ते मेथीची जुडी सोडवते.

जेवल्यावरची घेरी

आता मांडवातल्या अर्ध्या तासाकडे परत यायला हवं. तिथे म्हातारबांचा दाब वाढलेला निघेल म्हणून थांबायचं होतं का? नाही. तो खाली गेलेला निघण्याचा संभव अधिक होता.

जेवण पोटात उतरलं की आतड्यांकडे रक्ताचा ओघ वळतो. तरुण शरीर ही ओढ ओळखतं, हृदय काही ठोके जास्त मारतं, हातापायांच्या वाहिन्या आवळतात आणि दाब टिकतो. शार्ङ्गधराच्या बोटांना जाणवलेला बदल बहुधा हाच. म्हातारपणी ही सावधगिरी बोथट होते. हृदय पुरेसं धावत नाही, वाहिन्या पुरेशा आवळत नाहीत, आणि जेवणानंतर दाब घसरतो. १९७७ मध्ये पार्किन्सनच्या एका रोग्यात हे पहिल्यांदा नोंदलं गेलं. १९८३ मध्ये लुइस लिप्सिट्झ आणि सहकाऱ्यांनी वृद्धाश्रमातल्या वृद्धांमध्ये ते सर्रास दाखवलं. जेवणानंतर दोन तासांत वरचा दाब २० ने किंवा जास्त उतरला तर तो हाच विकार मानतात. आणि सर्वांत जास्त घसरण कशाने? झपाट्याने पचणाऱ्या कर्बोदकांनी. चरबी-प्रथिनांपेक्षा ग्लुकोजने अधिक.

म्हणजे कर्बोदकं रक्तदाब दोन्ही दिशांनी हलवतात. रोजच्या रोज, वर्षानुवर्षं, जास्तीची आणि साखरेची असतील, तर चरबी, इन्सुलिन आणि मिठाच्या वाटेने हळूहळू चढवतात. एकाच बैठकीत भरपूर असतील, तर वयस्कर माणसात तासाभरात उतरवतात. पहिल्याने पक्षाघात होतो, दुसऱ्याने घेरी येऊन माणूस पडतो आणि खुबा मोडतो. आपल्या घरात ‘जेवून उठले आणि मोरीत पडले’ ही गोष्ट किती वेळा ऐकली असेल!

एकादशीची खिचडी या दृष्टीने पाहावी. साबुदाणा म्हणजे जवळजवळ निव्वळ पिष्ट; १०० ग्रॅममध्ये ८५ हून अधिक ग्रॅम कर्बोदकं आणि प्रथिनं नावापुरती. त्यात बटाटा. ज्या कसाव्याच्या कंदापासून साबुदाणा करतात तो, बटाटा, मिरची आणि शेंगदाणा हे चारही मूळचे अमेरिका खंडातले. उपासाच्या पानात ते नवखे आहेत. आपली जुनी वरी, शिंगाडा, ताक, फळं यांनी हा उपास पूर्वी हलका चालत होता. मी खिचडी सोडा म्हणत नाही. वारीत ती प्रेमाने दिली जाते आणि शेंगदाण्याच्या कुटाने तिला थोडा आधारही मिळतो. पण साठी ओलांडलेल्याने आधी पेलाभर पाणी प्यावं, दोन द्रोणांऐवजी एक घ्यावा, जोडीला ताक किंवा दही घ्यावं, उन्हात एकदम उठून चालू लागू नये. बीपीची गोळी खिचडीबरोबरच घ्यायची की वेगळ्या वेळी, हे आपल्या डॉक्टरांना निघण्याआधीच विचारावं.

शिवाराचं ताट

हडपसरची शिवारं आता इमारतींखाली गेली. मगरपट्ट्यातल्या सुमारे १२० शेतकरी कुटुंबांनी आपली ४०० एकर जमीन एकत्र करून शहर वसवलं आणि जमिनीचा मोबदला दुसऱ्याच्या घशात जाऊ दिला नाही, ही अभिमानाची गोष्ट आहे. पण ज्या पोरांचे आजे पहाटे चारला माळव्याला पाणी धरायला जात, ती पोरं आज रात्रपाळीत पडद्यासमोर बसतात. ताट मात्र आज्यांचंच, उलट आणखी गोड झालेलं. २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या देशव्यापी अभ्यासात भारतातल्या प्रौढांपैकी ३५.५ टक्के उच्च रक्तदाबाचे आणि ११.४ टक्के मधुमेहाचे निघाले. नांगरामागे चालणाऱ्याच्या भाकरीला स्नायू वाट पाहत असत. खुर्चीवरच्या भाकरीची वाट कोणी पाहत नाही. ती इन्सुलिनच्या दारात ताटकळते.

भाकरीचा यात दोष नाही. तिच्या सोबतीची मंडळी परत बोलावली पाहिजेत: माळवं, उसळ, पिठलं, ताक. गांधींनी आगाखान पॅलेसमध्ये लिहिलेलं ते पान, याज्ञिकांच्या सहा खेड्यांतल्या आया आणि बोस्टन-बाल्टिमोरकडच्या प्रयोगशाळा एकाच ताटाकडे बोट दाखवतात. मांजरीच्या उपबाजारात ते ताट रोज उतरतं.

अर्धा तास झाला. मुलीने म्हातारबांच्या दंडाला पट्टा बांधला, आवाज ऐकले, आणि कार्डावर आकडा लिहिला. मग आकड्याशेजारच्या कोऱ्या जागेत तिने आणखी एक ओळ लिहिली: ‘खिचडी, दोन द्रोण, ९.१०’. कार्डावर त्यासाठी रकाना नव्हता. छापणाऱ्याला त्याची गरज वाटली नसावी, तिला वाटली.

“घाट चढायच्या आधी वडकीला थांबून पाणी प्या, माउली. आणि उपास सोडाल तेव्हा भाजी जास्त घ्या.”

म्हातारबा उठले, खुर्चीच्या पाठीला धरून क्षणभर उभे राहिले, मग दिंडीच्या मागे गेले. उद्या पारण्याच्या पंगतीत त्यांना कोणीतरी नक्की विचारील, “जेवलात का?” आपल्या भाषेत हा प्रश्न दारात पाऊल टाकणाऱ्या प्रत्येकाला विचारतात. त्याला ‘काय’ हा एक शब्द जोडायला वैद्यकाला सहा-सातशे वर्षं लागली. आपल्याला आज रात्रीच्या पानावर तो जोडता येईल.